फळीवरचे पाच डबे

१

अर्धा इंची बूच भोकात शिरेना, तिथून सगळं सुरू झालं.

सोमवारची सकाळ होती. माझे डॅड, मर्व्ह लोवेट, अर्धवट बांधलेल्या होडीच्या पोटाखाली पाठीवर पडून काम करत होते. होडीच्या फळ्या स्क्रूने आवळल्या की स्क्रूचं डोकं झाकायला वरून लाकडाचं गोल बूच ठोकतात. आमच्या शेडमध्ये ही बुचं तंबाखूच्या पाच रिकाम्या डब्यांत असायची. पाचही डबे अगदी सारखे, पुढून पांढऱ्या रंगात माप लिहिलेलं, आणि भिंतीवरच्या फळीवर डावीकडून उजवीकडे लहान ते मोठं असे मांडलेले: १/४, ३/८, १/२, ५/८, ३/४. डॅड त्यांच्याकडे कधी बघत नसत. हात मागे न्यायचा, डावीकडून तिसरा डबा काढायचा, की अर्धा इंची बूच हातात. ह्युऑन नदीच्या काठावर सगळ्यांना डॅडचा हा नियम ठाऊक होता, कारण डबा जागचा हलवणाऱ्याला त्या दिवशी चहाऐवजी शिव्या मिळायच्या.

आज तिसऱ्या डब्यातलं बूच जाड निघालं. डॅडनी हातोडी टाकली, बाहेर आले आणि फळीकडे पाहिलं. डबे होते असे: ३/८, १/४, ५/८, १/२, ३/४.

"नोला," ते मला म्हणाले, "याला कोणी हात लावला?"

मी तेव्हा एकोणीस वर्षांची, शेडची झाडलोट आणि हिशेबाची पत्रं माझ्याकडे. मी नाही म्हणून मान हलवली. डॅडनी पाचही डबे एका हाताने बाजूला सारले. डब्यांच्या मागे भिंतीत एक कोनाडा होता. त्यात फ्लॅनेलच्या कापडात गुंडाळून ठेवलेला नमुना असायचा. कापड होतं, नमुना नव्हता.

२

नमुना म्हणजे मधोमध उभी चिरलेली, हातभर लांबीची लाकडी होडी. आधी ती कोरायची, मग तिच्यावरून मापं घेऊन खरी होडी बांधायची. हा नमुना आल्फकाकाने कोरलेला. आल्फकाका म्हणजे डॅडचा थोरला भाऊ. त्याच्या हातात जादू होती असं लोक म्हणत, आणि इथले लोक सहसा कुणाबद्दल चांगलं बोलत नाहीत. तो नदीत बुडून गेला तेव्हा मी पाळण्यात होते. त्यानंतर आमच्या शेडमधली प्रत्येक होडी त्या एका नमुन्यावरून झाली.

आता त्या शेडमध्ये कॉफी मिळते. भिंतीला जुन्या करवती टांगल्यात आणि मापं सगळी मिलिमीटरमध्ये. मी तिथे जात नाही. एकदा गेले होते, तर एका मुलीने मला विचारलं, "आजी, ही करवत खरी आहे का?" मी म्हटलं, बोट लावून बघ.

कॉन्स्टेबल आला, चहाचे दोन कप प्यायला आणि म्हणाला की चोर ओळखीचाच असणार. एवढं सांगायला सरकार त्याला पगार देत होतं. चोरी रविवारी सकाळी झाली हे आम्हालाही कळत होतं. शनिवारी संध्याकाळी मी स्वतः फळी पुसली होती, तेव्हा डबे जागेवर होते. रविवारी सगळं गाव चॅपेलमध्ये होतं आणि शेडला कुलूप लावायची पद्धत नव्हती.

चॅपेलला न आलेले आणि कोनाडा ठाऊक असलेले चारच जण होते. क्लॅरी, आमचा रंगारी, शनिवारच्या बिअरने रविवारी दुपारपर्यंत आडवा असायचा. मिस्टर बीचम, होबार्टचे दंतवैद्य, त्यांना तो नमुना आपल्या दवाखान्याच्या भिंतीवर हवा होता. डॅडनी भरीला पडून हो म्हटलं होतं, आणि रविवारी ते नेमके आमच्याकडे मुक्कामाला होते. आल्फकाकाचा मुलगा लिंडसे, तो सफरचंदांच्या पेट्या ट्रकने धक्क्यावर नेत होता. एप्रिलमध्ये बोट लागली की रविवार कसला नि काय कसला. आणि चौथा गेरिट.

गेरिट डच होता. वर्षभरापूर्वी आला, हात चांगला, बोलणं कमी. त्याची बायको आणि लहान मुलगी रॉटरडॅमहून बोटीत बसलेल्या होत्या. डॅडनी त्याला शेडमागचं घर कबूल केलं होतं आणि मी त्या घराचे पडदे शिवत होते.

"डबे बघा ना," क्लॅरी म्हणाला. "आपला माणूस असे लावेल का? या डचांना इंच कुठे कळतो?"

डॅडनी पुन्हा डब्यांकडे पाहिलं. मग गेरिटला म्हणाले, "शनिवारी पगार घे आणि दुसरीकडे काम बघ."

गेरिटने काही भांडण केलं नाही. नुसतं विचारलं, "आणि घर?" डॅड पुन्हा होडीखाली शिरले. बाई पोरीला घेऊन समुद्रात आणि इथे घर नाही. मी ॲप्रन काढला आणि तडक मिस प्रिडमोरकडे गेले.

३

मिस प्रिडमोरनी आमच्या एकशिक्षकी शाळेत तीस-एक वर्षं काढली. गावातला कुठलाही माणूस घ्या, पोस्टमास्तर, पाद्र्याची बायको, तो कॉन्स्टेबलसुद्धा, त्याला सातचा पाढा कुठे अडायचा हे त्या सांगू शकत. निवृत्त झाल्या तरी रस्त्यात दिसल्या की मोठमोठे बाप्ये हात पाठीमागे घेऊन उभे राहत.

त्या चुलीपाशी ब्लॅकबेरीचा मुरंबा ढवळत होत्या. मी सगळं सांगितलं. नमुन्याचं ऐकून त्या नुसत्या हुं म्हणाल्या. डब्यांचं सांगितलं तशी पळी थांबली.

"पुन्हा सांग. डावीकडून."

"तीन अष्टमांश, एक चतुर्थांश, पाच अष्टमांश, अर्धा, तीन चतुर्थांश."

"नक्की? घाईत पाहिलं नसशील?"

"मिस, शेवटचा तेवढा जागेवर होता. बाकी सगळा गोंधळ."

"गोंधळ नाही गं," त्या म्हणाल्या. "गोंधळ वेगळा दिसतो. हे कुणीतरी विचार करून लावलेलं आहे." त्यांनी भांडं खाली उतरवलं. तो मुरंबा नंतर पातळच राहिला, मी खाल्लाय. "चल, मला एक फळी विकत घ्यायची आहे."

"कशाला?"

"नको आहे. पण विचारायला काय जातं?"

४

पहिला सापडला क्लॅरी. शेडच्या दारात ब्रश धूत होता. मिसना बघून त्याने तोंडातली सिगरेट पाठीमागे लपवली. वय वर्षं त्रेचाळीस.

"क्लॅरेन्स, मला कपाटात एक जाड फळी टाकायची आहे. गिरणीत अर्धा इंची मागू की पाच अष्टमांश?"

"पाच अष्टमांश, मिस."

"का?"

क्लॅरी गांगरला. "आठ मोठे ना. दोनापेक्षा."

"आणि पाव इंच आणि तीन अष्टमांश यांत?"

"तीन अष्टमांश. आठाला तोड नाही, मिस."

बाहेर आल्यावर मी म्हटलं, "दोन्ही उत्तरं बरोबर दिली की."

"उत्तरं बरोबर, डोकं ठणठणीत रिकामं," मिस म्हणाल्या. "त्याला पाऊण इंच की तीन अष्टमांश विचारलं असतं तर तीन अष्टमांशच म्हणाला असता. शाळेत मी नुसती उत्तरं तपासायची. का विचारायला फार उशिरा शिकले."

मिस्टर बीचम आमच्या व्हरांड्यात आईचा फळांचा केक खात होते. फळीचा प्रश्न ऐकून ते हसले. "पाच अष्टमांश अर्थात. अर्ध्याचे चार अष्टमांश होतात, म्हणजे एकाने जास्त. माझी परीक्षा घेताय की काय, मॅडम?"

"दातांची घेत नाही, घाबरू नका."

गेरिट आपल्या खोलीत ट्रंक भरत होता. मिस दारातच उभ्या राहिल्या. त्याने प्रश्न ऐकला, डोळे मिटले आणि पुटपुटला, "बारा पूर्णांक सात... पंधरा पूर्णांक नऊ... पाच अष्टमांश जाड आहे."

"आणि पाव की तीन अष्टमांश?"

"सहा पूर्णांक तीन... साडेनऊ. तीन अष्टमांश." मग तो ओशाळून म्हणाला, "मिस, मला तुमचे अपूर्णांक कळत नाहीत. वरचा आकडा, खालचा आकडा, मी बघतच नाही. आल्या आल्या सगळ्यांचे मिलिमीटर पाठ केले. नाहीतर मर्व्ह मारतो."

"मारतो?"

"तोंडाने."

मिस हसल्या नाहीत. माझ्याकडे वळून म्हणाल्या, "याला ट्रंक रिकामी करायला सांग."

"मग कोण, मिस?"

"अजून एक फळी विचारायची राहिली आहे." पण त्यांचा चेहरा असा झाला होता की उत्तर त्यांना आधीच कळलंय आणि ते त्यांना नको आहे.

५

लिंडसे धक्क्यावर होता. बोटीच्या पोटात पेट्या चढत होत्या आणि साऱ्या खाडीवर सफरचंदांचा वास पसरला होता. तो वास आता कुठे मिळत नाही. इंग्लंडने आमची फळं घेणं थांबवलं, लोकांनी बागा उपटल्या, त्याबरोबर तोही गेला. डोळे मिटले तर अजून येतो, पण त्यासाठी फार वेळ बसावं लागतं.

लिंडसे तिशीतला, उंच, मान जराशी खाली घालून चालणारा. लहानपणी तो सारखा आमच्या शेडमध्ये असायचा. पंधराव्या वर्षी डॅडनी त्याला कामाला घेतलं आणि थोड्याच महिन्यांत काढून टाकलं. जाड फळी आण म्हटलं की बारीक आणायचा, भोक मोठं कर म्हटलं की लहान गिरमिट लावायचा. "आल्फचा मुलगा आणि लक्ष म्हणून नाही," डॅड चारचौघांत म्हणायचे. तेव्हापासून लिंडसे ट्रक चालवत होता आणि होड्यांकडे बघायचा तो लांबूनच.

"लिंडसे, मला जाड फळी हवी आहे," मिस म्हणाल्या. "अर्धा इंची मागू की पाच अष्टमांश?"

"अर्धा इंची मागा, मिस."

"का रे?"

"पाच अष्टमांशाला पुरा इंच व्हायला तीन कमी पडतात. अर्ध्याला एकच कमी." त्याने पेटी ट्रकच्या कडेला टेकवली. "जेवढं थोडं कमी पडतं, तेवढा तो मोठा."

"आणि पाव आणि तीन अष्टमांश?"

"पाव मोठा. त्याला तीन कमी. दुसऱ्याला पाच."

माझ्या डोळ्यांपुढे शेडमधली डब्यांची फळी उभी राहिली. सगळ्यांत डावीकडे ३/८, त्याला पाच कमी. मग १/४ आणि ५/८, दोघांना तीन तीन. मग १/२ आणि ३/४, दोघांना एक एक. एकही डबा चुकीच्या जागी नव्हता. लिंडसेच्या हिशेबाने लहान ते मोठं, अगदी डॅडच्या नियमाप्रमाणे.

मिसनी त्याच्या दंडावर हात ठेवला. "क्लॅरेन्सने लावले असते तर अर्ध्याचा डबा सगळ्यांत डावीकडे गेला असता, दोन लहान म्हणून. गेरिटने आणि त्या दंतवैद्याने बरोबर लावले असते. अशी रांग लावणारा माझ्या शाळेत एकच मुलगा होता. नमुना कुठे आहे, लिंडसे?"

बोटीचा भोंगा वाजला. लिंडसेने पेटीवरचे हात काढले नाहीत.

"नीटच लावले होते ना मी," तो म्हणाला. त्याला खरंच कळत नव्हतं.

६

नमुना ट्रकमध्येच होता, सीटमागे, सफरचंदांच्या पेटीत पेंढा घालून ठेवलेला. लिंडसेने तो स्वतः शेडमध्ये आणला आणि डॅडसमोर बाकावर ठेवला. गेरिट आणि क्लॅरी बघत होते.

"विकायला नव्हता नेला," लिंडसे म्हणाला. "तुम्ही तो भिंतीवर टांगायला देणार होतात, मर्व्हकाका. दात काढून घ्यायला आलेले लोक त्याच्याकडे बघणार. माझ्याकडे बापाचा फोटोसुद्धा नाही."

डॅडचा राग नाकावर असायचा, सगळ्या खोऱ्याला माहीत होतं. मी वाट बघत होते. पण ते आधी गेरिटकडे वळले. "मी चुकलो," म्हणाले. हे शब्द मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदा ऐकत होते आणि त्यांनाही ते नवेच असावेत, कारण ते घसा खाकरून पुन्हा म्हणाले, "घर तुझंच आहे. बायकोला उतरवून घ्यायला माझी गाडी ने." गेरिटने मान डोलावली, आणि मग खाली बसून उगाच बुटाची नाडी बांधत राहिला.

मग डॅड लिंडसेला म्हणाले, "मागितला असतास तर दिला असता."

"तुम्ही मला इथे पाऊल टाकू दिलं असतं तर मागितला असता."

डॅड पुटपुटल्यासारखे म्हणाले, "तुझं लक्ष नसायचं, पोरा. जाड म्हटलं की बारीक आणायचास."

"त्याचं लक्ष तुझ्या दुप्पट होतं, मर्व्हिन," मिस प्रिडमोर म्हणाल्या. डॅडना मर्व्हिन म्हणणाऱ्या जगात त्या एकट्याच. "तो दर वेळी नीट हिशेब करून आणत होता. हिशेबाची रीतच चुकीची होती आणि ती मला ठाऊक होती."



"वर्गात त्याची उत्तरं बरोबर यायची," त्या सांगू लागल्या. "तीन अष्टमांशापेक्षा पाच अष्टमांश मोठा, पाच अष्टमांशापेक्षा तीन चतुर्थांश मोठा. त्याच्या रीतीनेही तेच येतं. मी बरोबरची खूण करायची आणि पुढच्या पाटीकडे वळायची. शाळेच्या शेवटच्या दिवशी पाव आणि तीन अष्टमांश दिले तेव्हा चुकला. मी का विचारलं. त्याने सांगितलं, किती कमी पडतं ते बघतो. मला नवल वाटलं, या पोराने सगळी वर्षं यावर काढली. तेवढ्यात सफरचंदाचे ट्रक आले, पोरं बाहेर पळाली. म्हटलं, आता काय, जाईल बागेत, त्याला कुठे लागणार आहेत अपूर्णांक."

"मला आठवत नाही," लिंडसे म्हणाला.

"मला आठवतं."

त्यांनी बाकावरचा खडू उचलला आणि होडीसाठी तासून ठेवलेल्या कोऱ्या फळीवर लांबच लांब रेघ ओढली. एरवी त्या फळीला कुणी खडू लावला असता तर डॅडनी शेड डोक्यावर घेतली असती. "हा तुझा एक इंच, मोठा करून काढलेला," त्या लिंडसेला म्हणाल्या. "मधोमध कापला, हा अर्धा. अर्ध्याचे अर्धे केले, हे चार तुकडे. आता यांचेही अर्धे कर. तू कर."

लिंडसेने खडू घेतला. त्याच्या जाडजूड बोटांत तो दिसेनासा झाला. सावकाश चार खुणा केल्या.

"किती तुकडे?"

"आठ."

"तू म्हणतोस पाच अष्टमांशाला तीन कमी. खरं आहे. हे तीन. अर्ध्याला एक कमी, तेही खरं. पण तो एक केवढा आहे बघ. तीन छोटे तुकडे आणि एक मोठा, तू नुसते मोजलेस. आधी सगळे सारख्या तुकड्यांत आण. मग अर्ध्यात किती येतात?"

तो बोट ठेवत गेला. "चार." मग मागे आला. "पावात दोन." मग पुन्हा पुढे. "पाऊण म्हणजे सहा. पाच अष्टमांश..." बोट पाचव्या खुणेवर थांबलं, अर्ध्याच्या पलीकडे. ते त्याने तिथेच ठेवलं.

बाहेर नदीवर कुणाची तरी मोटरबोट गेली आणि लाटा होड्या पाण्यात सोडायच्या घसरणीच्या फळ्यांवर आपटत राहिल्या. डॅड भिंतीकडे तोंड करून उभे होते. लिंडसेने फळीवरून मान वर केली आणि मिसकडे पाहिलं. त्याच्या आवाजात राग नव्हता. रस्ता विचारावा तसं त्याने विचारलं.

"एवढंच होतं?"

"हो," मिस प्रिडमोर म्हणाल्या. "एवढंच होतं."